आता वळ

दादर, २० फेब्रुवारी १९४६

दादास,

तुझ्या धाकट्या बहिणीचा, सुंदराचा, नमस्कार. चौथीत तू आम्हाला पत्राचे मायने छडी घेऊन पाठ करून घेतलेस. पण घरातून नाव पुसलेल्या बहिणीनं भावाला कोणता मायना घालावा, ते काही शिकवलं नाहीस. म्हणून नुसतंच 'दादास'.

नऊ महिने झाले. गावात काय काय बोलतात ते मला इथे बसून ऐकू येतं. म्हणून खरं काय घडलं ते एकदा माझ्या हातानं लिहिते.

माथेरानच्या हॉटेलात मी चादरी धूत होते, ते तुला माहीत आहे. मे महिन्यात सिनेमाची मंडळी आली. कंपनी कंपनी म्हणतात ती केवढी? एक मालक, एक भाड्याचा कॅमेरा आणि अकरा माणसं. नायिका पुण्याहून आणलेली. डोक्यावर भरला हंडा घेऊन चढ चढायचा होता. बाई चौथ्या पावलाला दगडावर बसल्या त्या उठेचनात. मग नुसतं पाठमोरं दाखवायला म्हणून मला तिचं लुगडं नेसवलं. हंडा घेऊन मी चढले. आपल्या पेज नदीवरून रोज चढत होते तशीच. वर पोचले तर मालक खालून ओरडले, "आता वळ." मी वळले. दादा, माझं पाप म्हणशील तर एवढंच.

दुसऱ्या दिवशी मीच नायिका झाले. नायिका सवाष्ण, म्हणून कपाळावर कुंकू आणि हातभर हिरव्या बांगड्या. चार वर्षांनी कपाळाला कुंकू लागलं होतं. मी आरशाकडे दोनदा पाहिलं, खोटं कशाला बोलू? त्याच दिवशी आबा आंब्यांची पाटी घेऊन वर आले. विधवा लेक कुंकू लावून चारचौघांत उभी. पाटी खाली ठेवून म्हणाले, "सुंदरा आमाला मेली." आणि उतरून गेले. आंबे तिथेच राहिले. सगळ्यांनी खाल्ले, माझ्या घशाखाली एकही उतरला नाही.

मी कंपनीबरोबर आले ती कुणाचा हात धरून नाही. कपडेपट सांभाळणाऱ्या अंबूबाईंच्या खोलीत राहते. त्या घोरतात, एवढंच काय ते इथलं वाईट. आबा माझं नाव काढतात का, तेवढं कळव. वहिनीला नमस्कार, सोनूला पापा.

सुंदरा

---

खालापूर, ३ मार्च १९४६

चि. सुंदरास,

येसाजीचे आशीर्वाद. पत्र शाळेच्या पत्त्यावर आले. हेडमास्तरांनी अक्षर बायकी आहे असे म्हणून हातात दिले. यापुढे पाकिटावर पाठवणाऱ्याचे नाव घालू नये.

आबांची प्रकृती ठीक आहे. मी दर रविवारी कशेळ्याला जातो. ते तुझा विषय काढत नाहीत, मीही काढत नाही.

तुझ्या वागण्यात वाईट काही नसेल, मी तसे म्हणत नाही. पण सोनू पंधराची झाली. इथले एक चांगले घर विचारात आहे, मुलगा रेल्वेत आहे. त्यांनी दोनदा विचारले, "मुलीची आत्या कुठं असते?" मी मुंबईस असते म्हणालो. ते हसले. तू शहाणी आहेस, जास्त लिहीत नाही. शिमग्याला येण्याचे मनात असल्यास येऊ नये.

येसाजी

---

दादर, ५ जून १९४६

दादा,

तू जास्त लिहीत नाहीस हे बरंच करतोस. थोडक्यातच माणूस पुरतं समजतं. आले नाही शिमग्याला. इथे चाळीत होळी पेटली, तिला नैवेद्य दाखवला आणि बोंब मात्र मनात मारली.

आमचा 'घाटाखालची सून' लागला. अकरा दिवस चालला आणि उतरला. पाटीवर माझं नाव 'कुमारी रजनी' असं होतं. मी अकराही दिवस मागच्या बाकावर बसून पाहिला. आधी वाटलं, लोक मला ओळखतील, गराडा घालतील, मग मी पदर तोंडावर घेऊन पळेन. मेलं कोणी ओळखलं नाही! शेवटच्या दिवशी थेटरात सात माणसं होती, त्यातली दोन झोपायला आलेली. बाहेर पडताना एकानं मलाच विचारलं, "बाई, वेळ किती झाला?"

पण दादा, काम मी चांगलं केलंय. हे मी कोणाला सांगू? मालक सांगतात, पण ते मालक. एकदा तरी माझ्या माणसानं पाहून म्हणावं, सुंदरे, बरं केलंस. किंवा वाईट केलंस म्हणावं, तेही चालेल.

दुसरं चित्र सुरू झालंय. मोठं काम आहे. सकाळी चेहरा रंगवून चाळीस माणसांत जाते, संध्याकाळी तोंड धुऊन खोलीत येते. बोलायला अंबूबाई. त्या आठला झोपतात. मग मी भिंतीशी तुझी चौथीची कविता म्हणते.

सोनूचं जमलं का?

सुंदरा

---

(पोस्टकार्ड)

दादर, ८ जुलै १९४६

रा. कोंडाजी यांस, मु. कशेळे, तालुका कर्जत.

कळवण्यास वाईट वाटते की तुमची मुलगी सुंदरा शनिवारी पटकीने वारली. कंपनीच्या माणसांनी सर्व क्रियाकर्म केले. येण्याची गरज नाही. घरच्यांस कळवावे.

अंबूबाई, कपडेपट

---

दादर, ११ जुलै १९४६

दादा,

मी जिवंत आहे. आधी हे वाच आणि मग मला हव्या तेवढ्या शिव्या दे.

शनिवारी शूटिंगच्या मधल्या सुट्टीत अंगणात भाकरी खात बसले होते. कावळा आला आणि डोक्याला शिवून गेला. नखं केसांत लागली. अंबूबाईंनी पाहिलं आणि छातीच बडवली. तुला रीत माहीत आहे: डोक्याला कावळा शिवला की मरण जवळ आलं, मग आपल्या रक्ताच्या माणसांना आपण मेल्याची खोटी खबर धाडायची. ती माणसं रडली की मरण टळतं. लगेच दुसरं पत्र घालून खरं सांगायचं. आपल्या भागूबाई आत्यानं असंच केलं होतं म्हणतात.

अंबूबाई म्हणाल्या, "तुझ्यासाठी रडणारं कोण आहे, पत्ता सांग." दादा, मी भाकरीचा तुकडा हातात धरून कितीतरी वेळ बसले. मग आबांचा पत्ता सांगितला.

मरणाला मी फारशी भ्यायले नाही. मला बघायचं होतं, माझ्यासाठी घरात कोणी रडतं का. हे लिहिताना लाज वाटते, पण लिहिते.

आबांना हे तू तोंडानं सांग. त्यांच्या नावे पत्र घातलं तर लडकू टपालवाला साऱ्या आळीला वाचून दाखवेल. आजच जा.

सुंदरा

---

दादर, २९ जुलै १९४६

दादा,

टपालवाल्यांचा संप आहे. माझं मागचं पत्र पेटीतच पडून असेल आणि हेही त्याच्यावर जाऊन पडेल. तरी लिहिते.

कार्ड गेलं आणि पत्र अडकलं, म्हणजे तिकडे मी अजून मेलेलीच आहे. गाडीत बसले तर अडीच तासांत कर्जत. दोनदा स्टेशनात गेले. मग वाटलं, आबांनी "मेली" म्हटलंय, त्यांनी ये म्हटल्याशिवाय उंबरा कसा चढू? आणि खरं सांगू? मी वाट पाहत होते. लेक मेली म्हटल्यावर कोणीतरी येईल, कुठे जाळली विचारील, तिचं लुगडं तरी मागेल. तीन आठवडे जिन्यावर पाऊल वाजलं की उठते. कोणी आलं नाही.

लावणीचे दिवस आहेत, मी समजू शकते.

सुंदरा

---

खालापूर, १४ ऑगस्ट १९४६

सुंदरा,

तुझी दोन्ही पत्रे काल एकदम मिळाली. वाचून मी वर्गातून बाहेर आलो. तू जिवंत आहेस याचा आनंद झाला हे प्रथम लिहितो, कारण पुढचे वाचून तुला तसे वाटणार नाही.

कार्ड दहा तारखेला पोचले. आबा लावणीच्या चिखलात होते. लडकूने बांधावरून वाचले. लोक सांगतात, ते तसेच चिखलात बसले आणि असे रडले की पलीकडच्या वावरातल्या बाया रोपं टाकून धावल्या. घरी आल्यावरही संध्याकाळपर्यंत रडत होते. आई गेली तेव्हाही ते असे रडले नव्हते. कार्ड फाडून टाकायचे असते, तेही कुठे गेले कळले नाही.

दहावा पेज नदीवर केला. पिंड मी ठेवला. दुपार उलटली तरी कावळा शिवेना. सगळे म्हणाले, पोरीची इच्छा राहिली. मी हात जोडून नाही नाही ती कबुली दिली. शेवटी दर्भाचा कावळा करून शिववला. आबा एका दगडावर बसून नुसते झाडावरच्या कावळ्यांकडे बघत होते. मला वाटले, दुःखाने त्यांचे डोके फिरले की काय.

आता मुख्य. तेराव्याला सोनूच्या होणाऱ्या सासरची मंडळी समाचाराला आली. जाताना मुलाचा बाप म्हणाला, "झालं ते वाईट झालं, पण आता कायी आडचन नाय ऱ्हायली." लग्न मार्गशीर्षात धरले आहे.

सुंदरा, मी आबांना सांगितलेले नाही. कुणालाच सांगितलेले नाही. आता तू जिवंत झालीस तर सोनूचे लग्न मोडते. ते तर मोडतेच, वर आम्ही सोयरिकीसाठी लेकीचे खोटे मरण उठवले असे लोक म्हणतील. तू हे नवे चित्र पुरे केलेस, तुझा फोटो कुठे छापून आला, तर काय उत्तर देऊ? आधीच्या सिनेमाची भीती नाही. मेलेल्या बाईचा जुना सिनेमा लागला तर चालतो, नवा लागून कसे चालेल?

काय मागतो आहे ते मला कळते. लिहायला धजत नाही. तू शहाणी आहेस.

येसाजी

---

दादर, २२ ऑगस्ट १९४६

दादा,

पुन्हा 'शहाणी आहेस'. मला कोणी वेडी म्हटलं असतं तर किती बरं झालं असतं.

मी मालकांना सांगितलं, काम सोडते. त्यांनी हात जोडले. दोन रिळं माझ्यावर झाली होती, ती वाया गेली. कारण विचारलं. काय सांगणार? म्हटलं, माझी तब्येत बरी नाही, मी वारले. ते हसले नाहीत. आता माझ्या जागी पुण्याची तीच बाई आणली आहे. हंडा आता रिकामा देतात.

म्हणजे झालं, कुमारी रजनी एका चित्रात जन्मली आणि त्यातच गेली. मी अंबूबाईंच्या हाताखाली कपडेपटात आहे. बटणं लावते, नायिकेची लुगडी इस्त्री करते. पडद्यामागच्या माणसाला तोंड नसतं, तेव्हा तू निर्धास्त अस.

सोनूसाठी केलं, तुझ्यासाठी नाही. तिला मी अंगाखांद्यावर खेळवलंय. आणि आता माझं एवढं कर. आबा चिखलात बसून रडले, ते पुन्हा एकदा नीट लिहून पाठव. काय बोलले, माझं नाव घेतलं का, कोणत्या वावरात बसले, सगळं. तुझ्या पत्रात चार ओळीच आहेत, त्या मी घासून घासून वाचल्या. कावळ्यानं मला सोडलं ते त्यांच्या रडण्यानं. ज्यांनी मला जगवलं, त्यांनाच मी जगलेली कळू नये, अशी कशी रे ही रीत झाली?

सुंदरा

---

खालापूर, ३० जानेवारी १९४७

सुंदरा,

मधल्या तुझ्या तीन पत्रांना उत्तर दिले नाही. घाई होती. सोनूचे लग्न नीट पार पडले. ती सुखात आहे.

एक कळवतो. शिळफाट्याला तंबूतला सिनेमा आला होता, त्यात तुमचा 'घाटाखालची सून' चार दिवस होता. बातमी कशेळ्यापर्यंत गेली. आबा माझ्याकडे राहायला आले आणि चारही दिवस इथून पायी जाऊन पाहून आले. जन्मात सिनेमा न पाहिलेला माणूस. लोक म्हणतात, म्हाताऱ्याला मेलेल्या लेकीचे वेड लागले. मी अडवले नाही. एकदा वाटले सांगून टाकावे. ताटावर बसलो होतो. ते माझ्याकडे बघत होते. मी उठून हात धुतला.

आबा कसे रडले ते तू विचारलेस. मी तिथे नव्हतो, मला लिहिता येत नाही.

यापुढे शक्यतो लिहू नये. राग धरू नकोस.

येसाजी

---

कशेळे, शनवार, ८ फेब्रुवारी १९४७

सुंदरा पोरी,

तुजा आबा सांगतो नि लडकू लिवतो. त्याला खंडोबाची आन घातलीय, कुटं बोलनार नाय. मी बोलंन तसंच लिव म्हनलंय, त्याचं शानपन घालू नको.

पत्ता कुटून मिळाला म्हनशील. तुज्या मरनाचं काराड मी फाडलं नाय. त्या दिशीच मुंडाशात खवलं, अजून हाय.

पोरी, लडकूनं बांधावरून वाचलं तवाच मला वाटलं, कावळा शिवला आसंल. आमच्या भागूनं बी आसंच धाडलं व्हतं. मानूस खरंच मेलं तर मागून येक गठुडं येतं, कोनी सांगाया येतो. तुजं कायच आलं नाय. पन कोन जाने! जीव खालवर व्हत व्हता. म्हनलं, खरं आसो का खोटं, रडायला पायजे. उगंच डोळं वलं करून भागत नाय, मरनाला आयकू गेलं पायजे. म्हनून वरडून रडलो. नदीकडच्या खाचरात, तुज्या आयेच्या हातच्या आंब्याखाली. "सुंदरे, माजे बाय" आसं म्हनलो. साऱ्या आळीनं आयकलं.

आनि माथेरानला मेली म्हनलो व्हतो, तवापून रडायचं ऱ्हायलंच व्हतं. काराड आलं, मला सबब घावली.

दाव्याला कावळं पिंडाला शिवंनात. समदी म्हनाली, पोरीची विच्छा ऱ्हायली. येसा हात जोडत व्हता. मी दगडावर बसून मनात म्हनत व्हतो, बाबांनो, नका शिवू. सांज झाली तरी नका शिवू. शिवलं नायत. तवा माजी खातरी झाली, माजी पोर जिती हाय.

संप सुटला नि येसा ताटावरनं उटाया लागला. मी जानलं, याला पत्र आलंय. त्याला रागं भरू नको. त्याची बी लेक हाय. मी तुजा बाप तसा तिचा आजा, म्हनून दोगंबी येकमेकाम्होरं गप बसलो. आता सोनी नांदती झाली.

मंग शिळफाट्याला तू आलीस. चार दिस गेलो. हंडा घेऊन चढतीस, पाठमोरी. मी म्हनायचो, आता वळंल. आनि वळायचीस. येक जागी दगडावर पाय सरकतो तुजा. मी रोज वरडायचो, "हळू गं!" लोक हसायची. काम बरं केलंस पोरी. कुंकू बरं दिसतं. मीच येडा.

पाचव्या दिशी बी गेलो. तंबू उटला व्हता. वावर मोकळं, नुसती खुट्यांची भोकं. तितं बसून रडलो. आदी रडलो ते तू जगावी म्हनून. ह्या येळी माज्यासाटी रडलो, कोन आयकाया नव्हतं.

घरी ये म्हनाया तोंड नाय. सोनीच्या सासरचं लोक कर्जत टेसनात कामाला हायत. पन नेरळला आपलं कोन नाय. बेस्तरवारी दुपारच्या गाडीनं नेरळला उतर. कपाळ रिकामं घेऊन येऊ नको, कुंकू लावून ये. मी फलाटाच्या टोकाला डोंगराकडं त्वांड करून बसंन, वळखीचं कोन आसलं तर बगाया नको म्हनून. मागनं जवळ ये नि येकदा आबा म्हन. मी वळतो.

कोंडाजी, निशानी आंगठा